शिक्क्याखालचं मेण

मित्रांनो, मी एक जुना किलो आहे. तराजूच्या पारड्यात ठेवतात तो, लोखंडी, सहा बाजूंचा, डोक्यावर कडी असलेला. पूर्ण किलो म्हणवून घ्यायला आता मला तोंड नाही. पण ते कसं झालं, तेच तर सांगायचं आहे.

भट्टीतून निघालो तेव्हा मी चोख होतो. पोटातल्या खळग्यात शिसं ओतून माझं वजन बरोबर केलं आणि त्या शिशावर सरकारी शिक्का मारला. मग मी एका कापसाच्या दुकानात रुजू झालो. सुरुवातीची वर्षं मानाची गेली. "या दुकानाचं माप म्हणजे माप," असं गिऱ्हाइकं म्हणायची आणि मी फुशारून जायचो.

पुढे म्हातारा मालक वारला आणि त्याचा जावई गल्ल्यावर बसला. एका दुपारी त्याने दार लोटून माझ्या पोटातलं शिसं कोरून काढलं, आत मेण भरलं आणि शिक्क्याची पातळ चकती वरून पुन्हा बसवली. साठ ग्रॅम गेले. तरी मी रोज ताठ मानेने पारड्यात बसत होतो, याची आजही लाज वाटते.

समोर उशा शिवणाऱ्या बाईंचं दुकान होतं. सगळे त्यांना टाकेबाई म्हणत. किलोभर कापसात दोन उशा, हा त्यांचा वीस वर्षांचा अंदाज; तोच चुकायला लागला. उशा पोचट निघतात, बाई कापूस खातात, अशी कुजबुज सुरू झाली. बाईंनी आमच्याकडून विकत घेतलेला कापूस दुसरीकडे तोलून पाहिला. मग आपल्या दारावर कागद लावला: 'समोरचा किलो साठ ग्रॅमने कमी आहे.'

जावयाने अब्रुनुकसानीचा दावा ठोकला. कोर्टाचा बेलिफ अचानक आला आणि मला जागेवरून उचलून घेऊन गेला. "याला तोला," असं बाईंच्या वकीलबाई परोपरीने सांगत होत्या. पण न्यायाधीशांनी मला उलटं करून शिक्का पाहिला. शिक्का असल्यावर तोलायचं कशाला, म्हणून बाजूला ठेवलं. बाई हरल्या. भरपाई एवढी, की शिलाई मशीन आणि राहती खोली विकूनही भागलं नसतं.

कारकून माझ्या कडीला चिठ्ठी बांधत होता, तेव्हा शेजारच्या बाकावर टाकेबाई आणि त्यांची मुलगी बोलत होत्या.

"आई, खोटं लिहिलं म्हण आणि मोकळी हो. तो भरपाई सोडून देईल."

"म्हणजे कापूस मीच खाल्ला असं होईल," बाई म्हणाल्या. "आपण अपील करायचं."

दोन वर्षं मी कोर्टाच्या अडगळीत गंजत पडलो. कोणी विचारलं नाही. अखेर वरच्या कोर्टातून बोलावणं आलं. जावयाचे वकील लगेच उठले. "अपिलात नवा पुरावा आणता येत नाही."

न्यायाधीशबाईंनी माझ्या कडीची चिठ्ठी वाचली. "हा नवा कुठला? पहिल्यापासून इथेच पडलाय. तोलायचं तेवढं राहिलंय."

वजनमाप खात्याचा काटा आला. मला वर ठेवलं. आकडा नऊशे चाळीसवर थांबला. अधिकाऱ्याने टाचणीने चकती उचकटली आणि मेणाचा गोळा टेबलावर पडला. मित्रांनो, इतका आनंद मला भट्टीतून निघतानाही झाला नव्हता. कागदावरचा शब्द न शब्द खरा ठरला, भरपाई रद्द झाली, खर्चही जावयाच्या बोकांडी बसला. टाकेबाईंनी मुलीचा हात धरला. "चल, उशा भरायच्यात," एवढंच म्हणाल्या.

जावई मला न्यायला फिरकला नाही. बाईंनी रीतसर अर्ज करून मला मागून घेतलं. आता त्या कापड बेततात तेव्हा ते सरकू नये म्हणून मी त्यावर बसतो. या कामाला नऊशे चाळीसही पुरतात. बाई अधूनमधून तेलाच्या फडक्याने माझा गंज पुसतात.

मित्रांनो, शिक्का पाहून थांबू नका, एकदा तोलून पाहा. खरं बोलणाऱ्या माणसाला एकटं सोडू नका. भर कोर्टात माझी अब्रू गेली आणि चारचौघांत मी खोटा ठरलो. त्या निकालावर मी कधीच अपील करणार नाही.