राहीआत्याचा उजवा हात

“मॅडम, पेशी म्हातारी झाली की आळशी होते का? मग तिच्या घरातला कचरा कोण काढतं?”

सगळा हॉल फिस्सकन हसला. नववी ‘ब’च्या बाकांवरून तर टाळ्याही पडल्या. “हा प्रश्न विचारून दाखव, पाणीपुरी माझ्याकडून,” अशी पैज उन्नतीने लावली होती आणि आता तीच उन्नती बाकाखाली तोंड घालून खिदळत होती. मुख्याध्यापकांनी चष्म्यावरून असं काही पाहिलं, की गेल्या वर्षीची क्षितिजा असती तर तिथल्या तिथे फरशीत मुरली असती. गेल्या वर्षीची क्षितिजा म्हणजे दिघाशीहून एस्टीने येणारी, ‘हाय-न्हाय’ बोलते म्हणून भिवंडीच्या पोरींनी पिडलेली, हजेरीलासुद्धा तोंडातल्या तोंडात ‘हजर’ म्हणणारी. ती संपली होती. ही नवी होती, आणि हिला सगळंच विचारायचं होतं.

विज्ञान दिनासाठी मुंबईहून आलेल्या पाहुण्या मॅडम तेवढ्या हसल्या नाहीत. मघापासून त्या पेशीच्या साफसफाईबद्दलच बोलत होत्या. पेशी दिवसरात्र प्रथिनं विणते. प्रत्येक प्रथिनाची ठरावीक घडी बसावी लागते. घडी चुकली की पेशी त्याच्यावर खूण करते, त्याचे तुकडे पाडते आणि तेच तुकडे नव्या विणीला घेते. फुकट काही घालवत नाही. पण चुकलेली प्रथिनं एकमेकांना चिकटून त्यांची गुठळी झाली, तर ती त्या कातरणाऱ्या यंत्रात मावत नाही. मग पेशी गुठळीभोवती एक पिशवी गुंडाळते, आंबट रसाने भरलेल्या दुसऱ्या पिशवीला ती नेऊन भिडवते, आणि गुठळी तिथे विरघळून जाते.

“तुझा प्रश्न बरोबर आहे,” मॅडम म्हणाल्या. “वय वाढलं की ही सफाई मंदावते. काही माणसांत जास्तच. कातडीची पेशी मेली तर नवी येते, मेंदूतली सहसा येत नाही. तिच्यात गुठळ्या साचत जातात. मेंदूच्या एका लहानशा भागात असं झालं, की आधी एक हात थरथरायला लागतो. मांडीवर रिकामा ठेवला की जास्त, कामाला लावला की कमी, झोपेत बंद. चेहरा मुखवट्यासारखा होतो. पावलं तोकडी पडतात. गुठळ्यांमुळे पेशी मरते, की मरणाऱ्या पेशीत गुठळ्या होतात, ते आम्हीसुद्धा अजून शोधतोय.”

क्षितिजा खाली बसली. एकेक शब्द तिच्या घरचा होता.

“ए, जिंकलीस ना!” उन्नतीने कोपर मारलं. “चल सुटल्यावर.”

“आज मंगळवार आहे.”

“मग? मंगळवारी पाणीपुरीवाल्याला उपास असतो?”

“आज आमच्या घरी देवी बसते,” क्षितिजा म्हणाली. आणि उन्नती पुढे काय बोलली ते तिला ऐकूच आलं नाही.

दिघाशीला पोचली तेव्हा ओटीखाली चपलांचा ढीग पडला होता. आत खाटेवर हिरवं लुगडं नेसून, कपाळभर मळवट भरून राहीआत्या बसली होती. चेहरा लाकडाचा. उजवा हात मांडीवर थरथरत होता आणि अंगठा बोटांवर असा घासत होता, जणू न दिसणारी जपमाळ ओढतेय. समोर बाया नारळ घेऊन ओळीने बसल्या होत्या.

हे सगळं गेल्या नवरात्रात सुरू झालं. आरतीच्या वेळी राहीआत्या नेहमीसारखी मागे, दाराला टेकून उभी होती. तिचा हात थरथरताना हौसाबाईने पाहिला. हौसाबाई म्हणजे गावातली सगळ्यात मोठ्या आवाजाची बाई. ती किंचाळली, “वारं आलं गो! राहीच्या अंगात आई आली!” झालं. अख्ख्या गावाने पाय धरले.

त्याआधी राहीआत्याचे पाय दिसत होते कुणाला? ती हिरामणची, म्हणजे क्षितिजाच्या बाबांची, थोरली बहीण. लग्नानंतर वर्षभरातच नवऱ्याने माघारी आणून सोडलेली. तेव्हापासून भावाच्या घरातलं शेण तिचं, पाणी तिचं, भांडी तिची, लावणीतला चिखल तिचा. ताट सगळ्यांच्या शेवटी. पातेल्याच्या बुडाला जे करपलेलं उरेल ते. वडपे गावातल्या जमिनीवर गोदाम उभं राहिलं, दारात पांढरी जीप आली, घरात मार्बल आलं, तरी राहीआत्या न्हाणीजवळच्या बोळातच निजायची. हात थरथरला आणि तिला खाट मिळाली.

क्षितिजाने दप्तर टाकलं आणि भर ओटीवर, सगळ्यांदेखत बोलली, “बाबा, ही देवी न्हाय. आत्याला मेंदूचा आजार हाय. आज शालेत मुंबईच्या मॅडमनी सांगितला.”

“हात-पाय धू आधी,” आई दात आवळून म्हणाली.

“अगो आई, खरंच! तिच्या पेशींत गुठल्या झाल्यात...”

“गुठली तुझ्या जिभेला होवो!” हौसाबाई उसळली. “पोर शालेत घातली न घराची माती केली रं हिरामण! आईला आजारी बोलते! गावावर कोप झाला तर कोन निस्तरनार, तुझी मुंबईची मॅडम?”

हिरामण उठला. यंदा त्याला ग्रामपंचायतीला उभं राहायचं होतं आणि मंगळवारी त्याच्या ओटीवर निम्मं गाव जमायचं. त्याने क्षितिजाच्या कानाखाली असा जाळ काढला, की तिच्या डोळ्यांपुढे काजवे चमकले.

पण लागलं ते दुसरंच. खाटेवरून राहीआत्या अर्धवट डोळ्यांनी, स्पष्ट आवाजात म्हणाली, “हिला भायेर काढा.”

त्यानंतर क्षितिजा आत्याशी बोललीच नाही. बस म्हणावं खाटेवर, थरथर म्हणावं खुशाल! मग एका दुपारी घरात दोघीच असताना ती पाणी प्यायला आत आली, तर राहीआत्या पोलक्याच्या हुकाशी झगडत होती. बोटं हुकापर्यंत जायची आणि तिथेच अडकायची. किती वेळ चालू होतं कुणास ठाऊक. मळवट घामाने गळून नाकावर आला होता.

“बघतंस काय? लाव.”

“मना भायेर काढलंस ना?”

“तू माझी खाट काढाया आलेलीस.”

क्षितिजाने हुक लावले, जरा जोरातच. “तुला देवी येते की न्हाय? खरं सांग.”

“मना काय येड लागलंय?” आत्या भिंतीकडे बघत बोलली. “आई येल ती अख्खी येल. उजव्याच हातात कनाला येल? भीक मांगाया?”

“मग सांगत का न्हाय कुनाला?”

“सांगून काय करू? तुझी आई मना आधी वाढते आता. आधी. कलतंय तुला?”

क्षितिजाला कळत होतं, म्हणूनच राग येत होता. ती वळली, तोच मागून हळू आवाज आला. “क्षितू. त्याला औषद हाय का गो?”

“हाय म्हनतात.”

“रातचा कुशीवर वलता येत न्हाय मना. ओंडक्यावानी पडते. मुतायला उठाया कुनाला हाक मारू? देवीला मूत येते, असं सांगू?”

शनिवारी दोघींनी घरी सांगितलं, वज्रेश्वरीला दर्शनाला जातो. देवीच देवीला भेटायला निघाली म्हटल्यावर कोण अडवणार! हिरामण जीप काढायला लागला, तर आत्यानेच त्याला झापलं, “एस्टीनं जायाचा नवस हाय.” आणि दोघी उलट्या बाजूच्या भिवंडीच्या गाडीत बसल्या.

गाडीत क्षितिजाने तिला समजावून सांगितलं. आपल्याला येतं ते दुसऱ्याला सांगताना तिला हल्ली उकळ्या फुटायच्या. “प्रत्येक पेशीत एक साफसफाईवाली असते असं समज. बिघडलेला माल उचलायचा, फाडायचा, नव्यात घालायचा. मोठा ढीग झाला की पिशवीत भरून विरघळवायचा. तुझ्या डोक्यातली ती बाय दमली. ढीग साचला.”

“दमनार न्हाय तर काय,” आत्या खिडकीबाहेर बघत म्हणाली. “तिला ताट कोन वाढते?”

सरकारी दवाखान्यातले डॉक्टर आधी क्षितिजावरच खेकसले. “मोठं माणूस नाही का कोणी घरात? किती उशीर हा!” मग त्यांनी आत्याला बोटं आपटायला लावली, चालवलं, वळवलं. वळताना ती सात-आठ तोकडी पावलं जागच्या जागी टाकत राहिली.

“आजी, हसा बघू.”

“हसन्यासारखं काय हाय?”

डॉक्टरांनी गोळ्या लिहून दिल्या. “कंपवात आहे हा. साचलेलं यानं निघणार नाही. ते काढणारं औषध अजून कुणाकडेच नाही. पण मेंदूला जो रस कमी पडतोय तो भरून निघेल, अंग मोकळं होईल. रोज घ्यायच्या. वेळच्या वेळी.”

आणि अंग मोकळं झालं! हळूहळू, पण झालं. आत्या स्वतःचे हुक स्वतः लावायला लागली. एकदा हौसाबाईची नक्कल करून दाखवताना तिचा तो लाकडी चेहरा चक्क हलला. क्षितिजाला वाटलं, आपण जग जिंकलं.

जग एका मंगळवारी ओटीवर आलं. बाया नारळ घेऊन बसल्या. आत्या खाटेवर बसली. उजवा हात मांडीवर पडून होता. गप्प. धूप पेटवला, घंटा वाजवली, हिरामणने स्वतः आरती म्हटली. हात हलेना.

“गेली,” हौसाबाई म्हणाली. “आई गेली. कोनी बाटवली हिला?” ती पुढे झाली, आणि ताटात ठेवलेला आपला नारळ तिने परत उचलला. मग दुसरीने उचलला. मग तिसरीने. शेवटच्या बाईने तर उदबत्तीचा पुडाही सोडला नाही.

“सोंग होतं मेलीचं,” पायरी उतरताना कुणीतरी थुंकलं.

दुसऱ्या सकाळी हिरवं लुगडं ट्रंकेत गेलं. खाट ओटीवर गेली, हिरामणच्या पाहुण्यांसाठी. आईने खरकट्या भांड्यांची घमेली राहीआत्यापुढे आदळली. “बरी झालीस ना? ऊठ मग.”

“आई!”

“तू गप! इतके महिने मी घासली. माझं पन मनगट सुजलं, ते दिसलं कुनाला? माझ्या अंगात आलेली कुनाला पटली असती?”

आत्या बसली आणि भांडी घासायला लागली. हात छान चालत होता.

पुढच्या सोमवारी तो पुन्हा थरथरायला लागला. मंगळवारी त्याहून जास्त. हौसाबाई नारळ घेऊन धावत आली, “आई रुसली होती गो, आली परत!” हिरामणने खाट स्वतः आत आणली. आत्याला उठवताना दोघांना धरावं लागलं. पाय जमिनीला चिकटल्यासारखे झाले होते.

क्षितिजाने गोळ्या मोजल्या नाहीत, शोधल्या. त्या मिसरीच्या डबीत होत्या, काळ्या पुडीत खुपसलेल्या.

“हे काय केलंस?” ती ओरडली. “मी मार खाल्ला, खोटं बोलले, दवाखान्यात शिव्या खाल्ल्या, कुनासाठी?”

“मी बोललेली?” आत्याचा आवाज आता खोल गेला होता, पण धार तीच होती. “तू बरी करून देतंस, न मंग? भांडी घासाया बरी व्हऊ मी? शेन काढाया बरी व्हऊ? तुझ्या मॅडमला इचार, ह्याला औषद हाय का.”

“पन तू पडशील. गिलता पन येनार न्हाय पुढं.”

“खाटंवर पडन.”

क्षितिजाला भांडायचं होतं. शब्द सगळे जिभेवर होते, कधी नव्हे इतके होते. पण आत्याच्या हनुवटीवरून लाळ ओघळत होती आणि ती पुसायला निघालेला हात वाटेतच थरथरत थांबला होता. क्षितिजाने ओढणीने ती पुसली आणि डबी घेऊन बाहेर आली.

संध्याकाळी जेवणं झाली. हिरामण दात कोरत बसला होता, आई खरकटं आवरत होती. देवी परत आली म्हणून हौसाबाईने सुचवलेली जत्रा मोठी करायची, मांडव घालायचा, असं काहीतरी दोघांचं चाललं होतं. क्षितिजा उठली. सगळ्यांची ताटं तिने एकावर एक रचली, आईच्या हातातलं पातेलंही ओढून घेतलं, आणि मोरीच्या दगडावर जाऊन बसली. राख आणि काथ्या घेतला.

“हे काय नवीन?” आई म्हणाली. “परीक्षा तोंडावर हाय तुझी.”

“परीक्षा पन देनार.”

“उतरेल चार दिवसांत खाज,” हिरामण म्हणाला.

क्षितिजाने पातेलं खसाखसा घासलं. करपलेलं निघत नव्हतं. तिने जोर लावला आणि मान वर न करता बोलायला लागली, शाळेच्या हॉलमध्ये शेवटच्या बाकापर्यंत पोचेल अशा आवाजात.

“आजपासून आत्याचं काम मी करनार. भांडी, पानी, शेन, सगलं. आईचं पन निम्मं. बाबा, तुमचं ताट तुमी उचलायचं. आत्या आपल्यासंगं जेवनार, आधी पन न्हाय, शेवटी पन न्हाय. खाट तिचीच र्‍हानार आणि मंगलवारी ओटीचं दार बंद. कोन आलं तर मी सांगन, मारायचं तर मारा. औषद मी तिला माझ्या हातानं देनार. मी इचारत न्हाय तुमाला, सांगते. ती बरी होनार, जेवढी व्हईल तेवढी. देवी व्हाया न्हाय, कामाला न्हाय. नुसती बरी.”