मोतीबाईचे रिकामे हात

सत्त्याण्णव साली, होळी चार दिवसांवर असताना, आमचे आजोबा शंकरसिंग गेले. सकाळी पिठलं मागितलं आणि ते ताटात पडायच्या आत गेले. त्यांना दोन बायका होत्या, हे हिंगोलीकडच्या गोरेगावजवळच्या आमच्या तांड्यात सगळ्यांना माहीत होतं, पण तोंडावर कोणी आणत नसे. माझी सख्खी आजी जिवनबाई, ती दुसरी. पहिली मोतीबाई, सिनेमातली.

सिनेमातली म्हणजे खरंच सिनेमातली. लग्नानंतर आजोबा तिला घेऊन पुण्याकडे खडी फोडायला गेले होते. तिथल्या एका सिनेमा कंपनीला घोड्यावर बसणारी बाई हवी होती. मोतीबाई बसली. आधी गर्दीत, मग राणीची सखी आणि तिसऱ्या वर्षी राजकन्या. कंपनीने तिचं नाव बदललं, बोली बदलली, तिने सोसलं. पण आमच्यात लग्नाच्या बाईच्या दंडात खांद्यापर्यंत पांढऱ्या बांगड्या असतात आणि तो चुडा नवरा गेल्यावरच उतरतो. कंपनीचे साहेब म्हणाले, दिव्यांपुढे त्या फार चमकतात, काढा. मोतीबाई नाही म्हणाली. तेव्हा आजोबांनीच कानस घेतली आणि एकेक बांगडी कापून काढली.

माझं डोकं फिरतं ते इथे. कापणारा हात त्यांचा, पण बातमी तांड्यात पोचली तेव्हा पाप लागलं तिला. नवरा जिवंत असताना चुडा उतरवला म्हणजे हिने त्याला जितेपणी मारला, असं पंचांनी ठरवलं. आजोबांना तांड्यात बोलावून त्यांचं दुसरं लग्न लावून दिलं. ते मुकाट्याने उभे राहिले. मोठे सज्जन!

अकरा सिनेमे झाले आणि कंपनी बुडाली, तेव्हा मोतीबाई परत आली. तांड्याच्या टोकाला तिला झोपडी मिळाली, पुन्हा चुडा भरायची परवानगी मिळाली नाही. पन्नासेक वर्षं तिने शेळ्या राखल्या. मी सिनेमाचं विचारलं की म्हणायची, "काय नसतंय गं, मिना. उभं राहायचं काम. दिवसभर उभं. लई थकायची मी." तिचा एकही सिनेमा आता पाहायला मिळत नाही, मी चौकशी केली आहे.

आजोबा गेले त्या सकाळी अंगणात बाया आजीभोवती बसल्या होत्या. तांड्यातली सगळ्यात म्हातारी पारुबाई चुडा उतरवायला पुढे झाली. तेवढ्यात मोतीआजी काठी टेकत आली, आजीशेजारी बसली आणि तिने दोन्ही हात पुढे केले.

"माह्या बी उतरवा."

पारुबाई रागावली नाही, दमल्यासारखी बोलली. "तुझं काय उतरवू गं? हातात हाय काय? तुझ्यासाठी तर तो कवाच मेला."

"न्हाई. आजच मेला," मोतीआजी म्हणाली. "मी त्याची बायको हाय. येवढं तरी म्हणा कुणी. मी थकून गेले आता."

कोणी म्हणेना. मी हिंगोलीला नोकरी करणारी, चार बुकं शिकलेली, पण मीही इतरांसारखी जमिनीकडे बघत राहिले. त्याची मला अजून लाज वाटते.

बोलली ती माझी आजी. जन्मात तिने मोतीआजीला कधी घोटभर पाणी पी म्हटलं नव्हतं. तिचे दंड वाळून गेले होते, बांगड्या सैल झाल्या होत्या. तिने डाव्या हातातली एक ओढून काढली, मोतीआजीचा हात धरला आणि ती कोपराच्या वर चढवायला लागली. जोर लावावा लागला.

"जवळा बाजारला तंबूत हिचा सिनेमा आल्ता, तवा तीन दिस घरी न्हवते ते," आजी खाली मान घालून म्हणाली. "मला काय कळत न्हवतं व्हय?" मग पारुबाईकडे वळली. "घे. दोघींचं उतरव. आधी तिचं. ती मोठी हाय."

पारुबाईने हात पुढे केला. मोतीआजीने बांगडीवर तळवा ठेवून ती झाकली.

"थांब गं बाई. घडीभर राहू दे."

तिरडी बांधून झाली होती, बाहेर माणसं खोळंबली होती. पारुबाई तिच्यासमोर खाली बसली आणि थांबली.