धुरपताबाईच्या अंगणातला जबडा

मित्रांनो, मी एक जुना जबडा आहे. किती जुना, ते सांगितलं तर तुम्हाला खरं वाटणार नाही. साडेसहा कोटी वर्षांपेक्षाही जास्त काळ मी जमिनीखाली होतो. आज मी दगडाचा आहे. पण एके काळी मी एका प्रचंड मांसाहारी डायनासोरच्या तोंडात होतो. तो आणि मी वेगळे नव्हतो, म्हणून त्याच्याबद्दल बोलतानाही मी 'मी' असंच म्हणेन.

भंडारा जिल्ह्यातल्या कोंढा गावाकडचा हा मुलूख तेव्हा असा नव्हता. धानाच्या बांध्या, म्हणजे भातखाचरं, नव्हती, बांधावरचे मोह नव्हते. उथळ तळी होती, चिखल होता आणि पाण्यासाठी येणारे लांब मानेचे, झाडपाला खाणारे प्राणी होते. मी झुडपाआड त्यांची वाट बघत उभा असायचो. नाकापासून शेपटीपर्यंत मी एसटीपेक्षा थोडासाच कमी होतो. पुढचे हात मात्र इतके आखूड, की त्यांचा काही उपयोग नव्हता. धरायचं मीच आणि फाडायचंही मीच. मी आलो की तळ्याकाठी सगळं एकदम चिडीचूप व्हायचं.

एका वर्षी तळं आटलं. मी चिखलात बसलो तो पुन्हा उठलोच नाही. मांस कुजलं, हाडं पांगली, लोंढ्यानं गाळ आणून माझ्यावर पसरला. पुढे जमीन भेगाळून तापलेला लाव्हारस वर आला आणि त्याचाही थर कधीतरी माझ्या वरून गेला. हाडातल्या बारीक छिद्रांमध्ये खनिजं झिरपत राहिली आणि मी हळूहळू दगड झालो. त्या अंधारात मला कसलीच भीती नव्हती. भीती सुरू झाली ती मी बाहेर आल्यावर.

मे महिना होता. गावाजवळच्या बोडीचं, म्हणजे शेताला पाणी देणाऱ्या लहान तळ्याचं, खोलीकरण चाललं होतं. रोजगार हमीच्या कामावर धुरपताबाई होत्या. साठीच्या, एकट्या, अंगानं काटक. त्यांची सब्बल, म्हणजे पहार, माझ्यावर खणकन आदळली. त्यांनी माती बाजूला केली आणि हात लावून बघितलं. माझ्यात तेव्हा तीन दात शाबूत होते.

"अवो, हे पाहा," त्या बाकीच्या बायांना म्हणाल्या. "याचे दात त इळ्यावानी हायेत. धारेले बारीक बारीक काकर हायेत."

किती बरोबर ओळखलं त्यांनी! धान कापायच्या विळ्याला जसे बारीक दाते असतात, तसेच माझ्या दातांच्या कडांना आहेत. मांस कापायला ते लागतात.

"फेक तिकडं," एक बाई मागे सरकत म्हणाली. "राक्षसाचं हाड दिसते."

धुरपताबाईंनी फेकलं नाही. डोक्यावर चुंबळ ठेवून त्यांनी मला घरी नेलं आणि अंगणात ओट्याजवळ ठेवलं. रोज सडा टाकताना माझ्यावरही हात फिरवायच्या. लहान मुलं बघायला यायची. काही दिवस मला फार बरं वाटलं.

मग गावात कावीळ आली. आधी दोन घरांत, मग सात, मग लोकांनी मोजायचंच सोडून दिलं. शेजारच्या परसरामची सात वर्षांची डिंपल डोळे पिवळे होऊन पडली. तिला भंडाऱ्याला दवाखान्यात भरती केलं. अंगणात मुलं येईनाशी झाली. बाया धुरपताबाईंच्या दारावरून जाताना पदर नाकाशी धरायच्या आणि पावलं उचलायच्या. मी हे पूर्वी पाहिलं होतं. तळ्याकाठी पसरायची तीच शांतता होती ती. पण या वेळी शिकार मी करत नव्हतो.

परसराम दूरच्या एका बुवाकडे जाऊन आला. बुवा म्हणाला, गावात राक्षसाचं हाड आलं आहे, आणि ज्या घरात ते आहे त्याच घरातून हे होत आहे.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या सुमाराला तीस-चाळीस माणसं अंगणात शिरली. सगळे ओळखीचे होते. कोणाच्या हातात काठी, कोणाच्या हातात नुसताच मोबाईल. परसरामच्या हातात दगड फोडायचा घन होता. त्याचे डोळे जागून लाल झाले होते.

"काकी, बाहेर ये," तो ओरडला.

धुरपताबाई तांदूळ निवडत होत्या. सूप हातात तसंच धरून त्या बाहेर आल्या. "काय झालं गा परसराम? डिंपल कशी हाये?"

"तिचं नाव घेजो नको तू!" त्याचा आवाज फाटला. "साऱ्या गावात कावीळ हाये, मंग तुह्याच घरी काहून नाई? सांग सगळ्याईले."

"मले का मालूम, बाबू..."

"कबूल कर, तूनंच केलं म्हणून!" मागून कोणीतरी म्हणालं. एका माणसानं त्यांचं मनगट धरून त्यांना खाली ओढलं. सूप पडलं, तांदूळ मातीत सांडले.

मित्रांनो, ज्याच्या नुसत्या वासानं कळपच्या कळप पळायचे, तो मी, त्या घनाकडे बघून घाबरलो. एका घावात माझा चुरा झाला असता. मला वाटलं, आता धुरपताबाई मला पदराआड घेतील. पण त्यांनी तसं केलं नाही.

"फोडा ते," त्या म्हणाल्या. "दगडच हाये, फोडून टाका. पण मी कोणाचं काई केलं नाई. जे केलं नाई ते मी केलं म्हणनार नाई."

मला क्षणभर वाईट वाटलं, हे खोटं कशाला बोलू? पण मग त्यांचा चेहरा दिसला, आणि मला कळलं की त्यांच्याकडे देण्यासारखं दुसरं काहीच नव्हतं.

तेवढ्यात गावात आरोग्याचं काम बघणाऱ्या आशाताई, म्हणजे सुमनबाई, गर्दीतून वाट काढत आल्या. त्यांनी आधीच पोलीस ठाण्यात फोन केला होता. हातात दोन लहान बाटल्या होत्या. पाणी चांगलं आहे की वाईट, ते या बाटल्यांमध्ये कळतं. वाईट असेल तर पाणी काळं पडतं. एक बाटली काळी पडली होती.

"थांबा! हे नळाचं पानी हाये. पाहा, काळं पडलं!"

पण गर्दीनं भलताच अर्थ घेतला. "काळं पानी! पाहा, करनीच हाये!" असा एकच गलका उठला आणि परसरामनं घन उचलला.

घाव माझ्या टोकावर बसला. एक दात तुटून उडाला. जबड्याच्या बाहेरची कपची निघाली आणि आतला भाग उघडा पडला. परसरामनं दुसऱ्या घावासाठी घन वर नेला, आणि तो वरच राहिला.

तुटलेल्या दाताच्या जागी, अगदी आत, एक इवलासा दात होता. टोकदार, अजून बाहेर न आलेला. आमचे दात आयुष्यभर पडायचे आणि खालून नवे यायचे. तो त्यांतलाच एक होता. त्याची पाळी यायच्या आधीच मी मेलो होतो.

परसराम खाली वाकला. घन त्यानं मातीत टेकवला.

"याले त दात येऊन राहिला होता," तो हळूच म्हणाला. मग बोटानं ते टोक चाचपत म्हणाला, "आमच्या डिंपलचे समोरचे दोन पडले ना मांगच्या महिन्यात. असंच टोक दिसून राहिलं तिचं."

सुमनबाईंनी ती संधी सोडली नाही.

"परसराम, ऐक माह्यं. ही काळी बाटली तुह्या नळाची. अन् ही साफ हाये ते हापशीची. धुरपताबाईच्या घरी नळ हायेच कुठं? ते हापशीवरून पानी आनते, म्हनून तिले कावीळ नाई. नळाचा पाइप नालीत फुटला हाये. चाल, दाखवतो तुले."

सगळ्यांना ते पटलं असं नाही. मागचे दोघे-तिघे अजून ओरडतच होते. पण पोलिसांची गाडी वळणावर दिसली आणि ज्यानं मनगट धरलं होतं, तोच आधी कुंपणावरून पळाला. परसराम पळाला नाही. तो तिथेच उकिडवा बसून राहिला. धुरपताबाई मात्र घरात गेल्या आणि त्यांनी आतून कडी लावली.

फुटका पाइप पुढे दुरुस्त झाला. डिंपल पंधरा दिवसांनी घरी आली. सुमनबाईंची भाची प्रतीक्षा भंडाऱ्याच्या एका कॉलेजात भूगर्भशास्त्र शिकते. माझा फोटो बघून ती आपल्या मॅडमना घेऊन आली. तिनं ब्रशनं माझी माती काढली आणि एका ठिकाणी तिचं बोट थांबलं.

"मावशी, इथे बघा," ती धुरपताबाईंना म्हणाली. "हे खोल ओरखडे दिसतात ना? हे दाताचे आहेत. याच्याच जातीच्या दुसऱ्या प्राण्यानं याला चावलं होतं. आणि कडेला हाड पुन्हा वाढलंय. म्हणजे चावल्यावरही हा बरेच दिवस जगला."

"त्याचेच लोक चावले त्याले?" धुरपताबाईंनी विचारलं.

"हो."

धुरपताबाईंनी त्या खुणेवर आपलं बोट ठेवलं. खूप वेळ काढलं नाही.

प्रतीक्षानं वाचलं ते खरं होतं. त्या चाव्यानंतर मी पाण्यावर जायचो तेव्हा आधी मागे बघायचो. हाडावरून दात कळतात, जखम कळते, ती भरली हेही कळतं. माझा रंग कसा होता, आवाज कसा होता, ते कळत नाही. मी किती घाबरलो होतो, तेही नाही.

कॉलेजात जायच्या दिवशी मला परसरामनंच उचलून गाडीत ठेवलं. "काकी, चुकलो मी," तो दाराकडे बघून म्हणाला. धुरपताबाई त्याच्या बाजूनं पुढे गेल्या. त्यांनी तुटलेला दात पदराच्या गाठीतून सोडला आणि प्रतीक्षाच्या हातात दिला. तो त्यांनी मातीतून वेचून ठेवला होता.

आता मी कॉलेजात काचेच्या कपाटात आहे. तुमच्यासारखी मुलं येतात, काचेला नाक लावतात आणि माझे दात बघून खोटंखोटं किंचाळतात. मला ते आवडतं. मला आता कोणी खरं भीत नाही आणि मीही कोणाला भीत नाही. पण प्रतीक्षा मैत्रिणींना सांगत होती, धुरपताबाई अजून दिवसाढवळ्या दाराला कडी लावून बसतात. कोणी आलं की आधी फटीतून बघतात. चार जणांची पावलं एकदम वाजली, तर मागच्या खोलीत जातात.

मित्रांनो, शेतात, बोडीत, विहिरीच्या खड्ड्यात माझ्यासारखं काही सापडलं, तर घाव घालू नका. माती हलकेच बाजूला करा आणि जाणत्या माणसाला बोलवा. आणि गावात आजार आला, संकट आलं, तर पाणी तपासा, डॉक्टरकडे जा. कोणा एकट्या माणसाच्या अंगणात घोळक्यानं जाऊ नका. मी दगड आहे. मला चिकटवून पुन्हा जोडलं. माणसाचं तसं होत नाही.

कोंढ्याकडे कधी गेलात, तर धुरपताबाईंना भेटून या. एकेकटे जा. दारात उभं राहून आधी आपलं नाव सांगा, आणि मग थांबा. कडी निघायला जरा वेळ लागतो.