चष्मेवालीची विरलेली दुपार

वेळही विरतो. एकच काम एकाच प्रहरी वर्षानुवर्षे केले, की सदऱ्याच्या कोपरासारखा तो त्या जागी पातळ होत जातो आणि अखेरीस तिथे भोक पडते. मग नेमक्या त्या घटकेला माणसाच्या हातून वस्तू निसटतात, दूध उतू जाते, बोलता बोलता शब्द हरवतो. अशा जागा रफू करणे हा आमच्या घरचा धंदा. दुकान आत्याचे. सुई माझ्या हाती, जीभ तिच्या.

रफूचा दोरा वाट पाहण्यातून निघतो. गिऱ्हाइकाने कुठेतरी ताटकळत काढलेला वेळ आत्या चातीवर कातते. मात्र ज्याची दुपार, त्याचाच दोरा. परक्याचा दोरा मुरत नाही, खुपत राहतो.

रस्त्यापलीकडच्या दुकानात चष्मेवाली दुपारभर भिंगे घासत असते, आणि ती मान वर करील म्हणून मी आमच्या खिडकीशी वाट पाहत असतो. ओठांपर्यंत आलेले माझे प्रत्येक वाक्य लाजून माघारी गेलेले आहे. आत्याने मला न विचारताच त्या ताटकळण्याचेही सूत काढले आणि रीळ माझ्यापुढे ठेवले.

"केवढं हे," ती म्हणाली. "तंबू शिवता येईल."

एके दिवशी चष्मेवाली स्वतःच विरलेली दुपार घेऊन आली. हातातले भिंग आपोआप निसटते, म्हणाली. दाताच्या दवाखान्यात ताटकळलेला वेळही तिने दोऱ्यासाठी आणला होता. मी दुपार चौकटीवर ताणली. फिकट पिवळी, काचेच्या भुकटीने किंचित चमकणारी. ती इतकी जवळ उभी होती, की मी डोळे वर न करता टाके घातले. शेवटी आत्याने दोरा दाताने तोडला, माझ्याकडे एकवार पाहिले आणि चहा ठेवायला आत गेली.

आठवडा उलटण्याआधीच चष्मेवाली परत आली, दुपार काखेत मारून.

"मावशी, तुमच्या भाच्याच्या हाताला काय झालंय? भोक बुजलं, पण त्या घटकेला मी माझ्या दुकानात नसतेच. समोरून कुठूनतरी मलाच बघत बसते. काल बघण्याच्या नादात एका काकांची भिंगं उलटसुलट बसवली. त्यांना स्वतःची बायको ओळखू येईना. काका खुशीत होते, पण काकू भांडून गेल्या."

"अगं बाई."

"शिवाय छातीत धडधडतं."

"दाताच्या डॉक्टरला घाबरली असशील."

"तिथे मी चक्क झोपले होते, मावशी."

मी रफूवरून बोट फिरवले आणि फडताळ उघडले. दाताच्या दवाखान्याचे रीळ आत जसेच्या तसे होते. माझे अर्धे रिकामे झाले होते.

"उसवता येईल ना?" तिने विचारले. "नाहीतर मला धंदा गुंडाळावा लागेल."

"येईल की. दोऱ्याच्या मालकानं कशाची वाट पाहिली ते मोठ्यानं सांगायचं. एकेक खरं सांगितलं, की एकेक टाका सुटतो."

"मग बोलवा त्या मालकाला."

"बोलावते. तसा लांब राहत नाही."

"आत्या," मी म्हणालो, "दोरा तोडतानाच तुला कळलं होतं."

"कळलं होतं ना. दवाखान्याच्या सुताला औषधाची चव लागते. याला नव्हती."

"मग बोलली का नाहीस?"

"तुझ्या वाटचंही मीच बोलू?"

चष्मेवालीने आधी खिडकीकडे पाहिले, मग खिडकीलगतच्या माझ्या स्टुलाकडे, मग माझ्याकडे. तिने कपाळावरचा चष्मा खाली ओढून नाकावर बसवला. मला पळून जावेसे वाटले, पण मग तिच्या हातून रोज भिंगे उलटी बसली असती.

"तुम्ही मान वर करण्याची," मी चौकटीकडे बघत म्हणालो.

एक टाका सुटला.

"मोठ्यानं," ती म्हणाली.

"आणि मान वर केलीत, की मला खाली वाकून सुई शोधता येण्याची."

"सुई रोज हरवते?"

"एकदाही हरवली नाही."

दुसरा सुटला. मग मी बोलतच गेलो. ती चष्मा पुसताना गुणगुणते ते इथवर ऐकू येईल याची, तिच्या दुकानाची पाटी वाकडी होईल आणि ती सरळ करायला मला जाता येईल याची. टाके पटापट सुटत गेले, आणि शेवटच्यावर तिने बोट ठेवले.

"हा राहू दे."

"खुपेल," मी धंद्याच्या इमानाने सांगितले.

"खुपू दे. बाकीचं माझ्या दोऱ्यानं भर. आणि उद्यापासून खिडकीत बसायचं नाही. समोर यायचं. पाटी मी वाकडी करून ठेवते."

आत्याने उरलेले रीळ उचलून उजेडात धरले आणि लांब सुस्कारा सोडला.

"गेला माझा तंबू."