सरजाबाईचं पान

“मॅडम, तुमच्या त्या वेळच्या मूळ वह्या असतील ना घरी?” निकितानं विचारलं, आणि मी जराही न अडखळता सांगून टाकलं की वाळवीनं खाल्ल्या.

वह्या माझ्या कपाटात होत्या. सात वह्या, लाल कापडात बांधलेल्या, डांबराच्या गोळ्यांसकट. वाळवीची काय बिशाद! पण मी तसं म्हणाले आणि वर हळहळलेसुद्धा.

का म्हणाले ते सांगते, आता लपवून काय करायचंय? त्या घडीला आम्ही लिंबवाडीत सरजाबाईच्या ओट्यावर होतो. निकिता पायरीवर बसून मांडीवरच्या लॅपटॉपवर टाइप करत होती आणि सरजाबाई तिच्या मागं बसून तिच्या डोक्याला तेल चोळत होती. अगदी निवांत, मधूनमधून केसांची गुंतवळ काढत. मी छत्तीस वर्षं या गावात येतेय. सरजाबाईच्या चुलीजवळ बसून जेवलेय, तिच्या घरी झोपलेय, मजुरीच्या मोर्चात तिच्या शेजारी उभी राहून लाठी खाल्लीय. माझ्या डोक्याला तिनं कधी हात लावला नाही. आणि ही पोरगी येऊन पुरती दोन वर्षं झाली नव्हती. माझ्या अंगाचा असा तिळपापड झाला, की खरं उत्तर तोंडातून बाहेर पडलंच नाही.

मी राजेश्री. कॉलेजात समाजशास्त्र शिकवलं आणि उरलेल्या वेळात मानवत तालुक्यातल्या शेतमजूर बायांची संघटना चालवली. खरं तर उलटं म्हणायला हवं, संघटना चालवली आणि उरलेल्या वेळात शिकवलं. सत्याऐंशीपासून ते आतापर्यंत वेचणीची मजुरी, रेशन, गायरान, यापलीकडं मला आयुष्य नव्हतं. लग्न राहून गेलं, त्याचं दुःखही कधी करत बसले नाही. लोक म्हणायचे, बाईंनी जन्म दिला या कामाला. ऐकायला बरं वाटायचं. आता तेच लोक म्हणतात, बाई थकल्या आता, निकिताताईला विचारू.

निकिता माझीच विद्यार्थिनी, पिंगळी गावची. बाप पोस्टात होता. माझ्या वर्गात पहिल्या बाकावर बसायची, पुढं वकील झाली, आणि मीच तिला हौसेनं संघटनेत आणलं. पोरगी गुणाची. उर्मट असती तर बरं झालं असतं, मला तिच्यावर उघड रागावता तरी आलं असतं. बैठकीत मी बोलायला उभी राहिले की बाया माझं ऐकून घ्यायच्या आणि संपलं की निकिताकडं बघायच्या. ती म्हणायची, मॅडम म्हणतायत तसंच करू. मला मेलीचा समजूतदारपणाही सोसत नव्हता.

प्रकरण गायरानाचं होतं. लिंबवाडीच्या चौदा बौद्ध कुटुंबांनी गावची पडीक सरकारी जमीन फोडून शेती केली, दोन-दोन एकर. नव्वदच्या आधीपासून कसत असल्याचा पुरावा दिला तर ती नावावर होणार होती, नाही तर हातची जाणार होती. आणि मी एकोणनव्वद साली, पीएचडीसाठी, याच गावात घरोघर फिरून कोण किती जमीन कसतो ते लिहून घेतलं होतं. त्याचं पुढं पुस्तक झालं, पुण्यात कौतुक झालं. पण पुस्तकात आमच्या शास्त्राच्या शिस्तीप्रमाणं मी सगळी नावं बदलली होती. सरजाबाईची गिरजाबाई केली, लिंबवाडीची पिंपळवाडी केली. त्या वेळी ते बरोबरच होतं. खरी नावं छापली असती तर गावातल्या जमीनदारांनी त्यांना जगू दिलं नसतं, आणि त्या जमीनदारांत माझा सख्खा चुलता होता. पण आता ते पुस्तक तहसीलदार साहेबांपुढं ठेवलं तर साहेब विचारणार, ही गिरजाबाई कुठंय? खरी नावं होती ती फक्त वह्यांत.

वह्या नाहीत म्हटल्यावर निकिता रडत बसली नाही. तिनं घरोघरच्या पत्र्याच्या पेट्या उघडायला लावल्या. पूर्वी तलाठी येऊन अतिक्रमण म्हणून दंड करायचा. त्या दंडाच्या पावत्या लोकांनी भीतीपोटी जपून ठेवल्या होत्या. चोर म्हणून दिलेली पावती, आणि आज तोच कसणुकीचा पुरावा! चौदापैकी दहा घरांत पावत्या निघाल्या. मी या माणसांवर अख्खं पुस्तक लिहिलं, पण हे मला कधी सुचलं नाही. मी वरवर तिची पाठ थोपटली आणि घरी येऊन जेवले नाही.

चार घरं तेवढी राहिली. त्यातलं एक सरजाबाईचं. तिचा नवरा लिंबाजी, आता वारला, इतका चपळ की तलाठी येतोय म्हटलं की ओढ्यात गडप व्हायचा. कधी सापडला नाही, कधी दंड झाला नाही, म्हणून पावतीही नाही.

सुनावणीच्या दिवशी मी वह्या पिशवीत घालून नेल्या. हो, नेल्या. माझ्या मनात सगळं ठरलेलं होतं. त्या चौघींची पाळी येईल, निकिता अडखळेल, साहेब कपाळाला आठ्या घालतील, बाया घाबऱ्या होतील, आणि मग मी उठेन. वाळवीचं काय सांगायचं तेही ठरवलं होतं, माळ्यावर सापडल्या म्हणणार होते. कुणाचं काही बिघडणार नव्हतं. फक्त एकदा, शेवटचं एकदा, सगळ्यांनी माझ्याकडं बघायला हवं होतं.

गावातल्या धम्मानंदच्या टेम्पोतून सगळे तहसीलला पोचलो. मला वाटलं होतं, पावतीवाल्यांची प्रकरणं आधी निघतील. शिपायानं पहिलंच नाव पुकारलं ते सरजाबाईचं.

निकितानं तिची बाजू मांडली. शेजारच्या शेतांच्या पावत्यांत बांधाला लिंबाजीचं नाव येतं, तेवढं तिनं दाखवलं. साहेबांनी विचारलं, स्वतःचा काही कागद? निकिता म्हणाली, तोंडी साक्षी आहेत. साहेब म्हणाले, कागद? निकितानं त्याच पावत्या पुन्हा चाळल्या. तिचा चेहरा उतरला, ओठ कोरडे पडले, आणि मी, देवाशपथ सांगते, तो चेहरा बघत बसले. छत्तीस वर्षांत मला इतकं बरं कधी वाटलं नव्हतं. मी म्हटलं, अजून एक प्रश्न होऊ दे, आता ती मागं वळून माझ्याकडं बघेल.

ती वळली नाही. साहेब कारकुनाला म्हणाले, “पुरावा नाही. नामंजूर. पुढचं घ्या.” सही झालीसुद्धा.

दोन मिनिटं लागली असतील. मी पिशवीत हात घातला होता, तो तसाच राहिला. आदेश झाल्यावर आता काढल्या तर काय म्हणतील, हा विचार आला. सरजाबाई हात जोडून बाहेर गेली आणि व्हरांड्यात भिंतीला टेकून बसली.

दुपारनंतर उरलेल्या तिघींची नावं पुकारली तेव्हा मी उठले. अगदी मनात ठरवलेलं तसंच सगळं झालं. वह्या टेबलावर ठेवल्या, तारखा दाखवल्या, विद्यापीठाच्या मार्गदर्शकांच्या पानापानावरच्या सह्या दाखवल्या. साहेबांनी चष्मा लावून चाळल्या आणि तिघींची प्रकरणं मंजुरीला घेतली. मग सहज म्हणाले, “बाई, सकाळीच का नाही दिल्या?”

निकितानं एकदा वह्यांकडं बघितलं. लाल कापड धडधाकट, एका कोपऱ्यालाही भोक नाही. ती हुशार आहे, तिला सांगावं लागलं नाही. तिनं माझ्याकडं बघितलंच नाही, कागद गोळा करत राहिली.

बाहेर आलो तर बायांचा आनंद मावेना. तेरा घरांचं काम झालं होतं. त्या तिघींतली सगुणाबाई माझे दोन्ही हात धरून म्हणाली की बाईंनीच तारलं. सगळ्या माझ्याकडंच बघत होत्या. मला मात्र व्हरांड्यातली भिंत दिसत होती.

सरजाबाई उठून आली. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता, तो असता तर मी पाय धरले असते.

“बाई, माजं बी हाय का हो ह्याच्यात?”

नाही म्हणता आलं असतं. तिला वाचता येत नाही. एक खोटं पचलं होतं, दुसरंही पचलं असतं. पण निकिता शेजारी उभी होती, आणि तिच्यासाठी नव्हे, खरंच सांगते, त्या म्हातारीसाठी मी तिसरी वही उघडली. पान मला पाठ होतं. वाचून दाखवलं.

“११ जानेवारी १९८९. सरजाबाई लिंबाजी. वय अंदाजे चोवीस. गायरान दोन एकर, तीन वर्षांपासून कसतात. यंदा पिवळी ज्वारी. तलाठी आल्यावर नवरा ओढ्यात लपतो. सरजाबाई पोराला पाठीशी बांधून शेतात उभ्या राहतात. हलत नाहीत.”

सरजाबाईनं पानावर बोट ठेवलं. अक्षरांवर नाही, कोऱ्या जागेवर.

“लिवलं हुतं की मग,” ती म्हणाली.

एवढंच. कामून दिलं न्हाई, असं तिनं विचारलं नाही. मीच तोंड उघडलं, सरजाबाई, मी, असं काहीतरी म्हटलं. तिनं ऐकलं नसावं, पदर सारखा करत होती. निकिता म्हणाली, परभणीला अपील करता येईल, वर्ष-दीड वर्ष जाईल, तोवर त्या शेतात पाऊल टाकायचं नाही. शेतात कापूस उभा होता, पहिली वेचणी आठ दिवसांवर आलेली. तो कोण वेचणार हे कुणी विचारलं नाही.

“अपिलाला ही वही लागंल,” निकिता म्हणाली. “माझ्याकडं राहू द्या मॅडम.”

राहू द्या म्हणाली, मागितली नाही. मी दिली. सगळ्याच दिल्या.

धम्मानंदनं टेम्पो लावला. मागं बाया चढायला लागल्या. एकमेकींना हात देत, सतरंजी अंथरत, डबे आत घेत. इतक्या वर्षांत मी कधी पुढं बसले नव्हते, मागंच त्यांच्यात, मांडीला मांडी लावून, धक्के खात, गाणी म्हणत. सवयीनं फळीवर पाय ठेवला.

आतून सरजाबाईनं माझा हात धरला. मला वाटलं, वर ओढतीय. तिनं अगदी हळूच पाय खाली ठेवायला लावला.

“तुमी फुडं बसा, बाई,” ती म्हणाली. “हितं लय धूळ हाय.”

धम्मानंदनं पुढचं दार उघडून धरलं. सीटवर कुणीतरी स्वच्छ टॉवेल अंथरला होता.