सासूची किडनी

माझ्या पोटात सासूची किडनी आहे. हे ऐकलं की लोक आधी हसतात आणि मग एकदम गप्प होतात. आमच्या सासूबाईंना, गिरजाबाईंना, मात्र त्याचं काहीच वाटत नाही. तपासणीला गेलो की त्या डॉक्टरांना माझी तब्येत विचारत नाहीत, "माझी कशी हाय?" एवढंच विचारतात. घरात माझा आवाज चढला की म्हणतात, "हळू बोल. आत मी बसलेय."

मी त्यांना आत्या म्हणते. किडनी द्यायच्या वेळी अवयवदानाला परवानगी देणाऱ्या समितीपुढं आमची चौकशी झाली. सून म्हणजे काही रक्ताचं नातं नव्हे, त्यामुळं कुणी पैसे घेऊन देत नाही ना, हे बघतात. तिथल्या साहेबांनी विचारलं, "बाई, सुनेला किडनी का देताय?" आत्या म्हणाल्या, "पोराला दिली असती तर इचारलं असतं का?" साहेबांनी कागद पुढं ओढला आणि सही केली.

त्याआधी माझ्या दुखण्यानं घर धुऊन नेलं होतं. माझे मिस्टर, नवनाथ, तेव्हा चाकणला ठेकेदाराकडे होते. ईएसआयचं, म्हणजे कामगार विम्याचं, कार्ड नव्हतं, म्हणून खाजगी दवाखान्यात गेलो. तिथल्या बिलात दिघीची आमची खोली गेली, माझं सोनं गेलं आणि वर मोबाइलवरून घेतलेल्या कर्जाच्या वसुलीचे फोन. फोन वाजला की आम्हाला ऐकू जाऊ नये म्हणून हे बाथरूममध्ये जाऊन नळ सोडायचे. पुढं हे एका कंपनीत परमनंट झाले, कार्ड मिळालं, ऑपरेशन झालं आणि शरीरानं नवी किडनी नाकारू नये म्हणून मला जन्मभर घ्यायच्या महागड्या गोळ्या फुकट मिळायला लागल्या. आम्ही मोशीत भाड्याच्या खोलीत आलो. जुनी देणी अजून फिटतायत, पण घरात हसणं परत आलं होतं.

अशात कंपनीत पगारवाढीचा करार झाला. आमच्या कारखान्यांच्या पट्ट्यात करार झाला की गेटवर ढोल लागतो, गुलाल उधळतात. ह्यांचा मित्र रणजीतनं व्हिडिओ पाठवला. त्यात सगळ्यांत जास्त कोण नाचत होतं, तर आमचं ध्यान! ह्या गोळ्यांमुळं मला धूळ, जंतू चालत नाहीत, बाहेर मास्क लावावा लागतो, म्हणून हे खालच्या नळावर आंघोळ करून, कपडे बदलून वर आले. आत्यांनी साजूक तुपातला शिरा केला. किती दिवसांनी मी त्या माणसाला असं खुशीत बघत होते!

पुढच्या खेपेला गोळ्या आणायला गेलो, तर खिडकीवरच्या बाई कार्ड बघून थांबल्या. ह्यांचा पगार कार्डासाठीच्या मर्यादेच्या वर गेला होता. ही सहामाही संपली की कार्ड बंद होणार, गोळ्या बाहेरून घ्याव्या लागणार. त्या बिचाऱ्या हळू आवाजात सांगत होत्या, जणू त्यांचीच चूक होती. बाहेर त्या गोळ्यांना महिन्याला जेवढे पैसे लागतात, त्यापुढं ह्यांची पगारवाढ म्हणजे काहीच नव्हती.

दुसऱ्या दिवशी हे मॅनेजरकडे गेले आणि म्हणाले, "साहेब, माझी वाढ परत घ्या." मॅनेजरला आधी ही चेष्टाच वाटली. खरं कळल्यावर त्यांनाही वाईट वाटलं, पण करार सगळ्यांचा, एकट्याचा पगार खाली आणता येत नाही. संध्याकाळी हे ताटावर बसले आणि घास हातातच राहिला. "रुपाली, मी आपल्याच घरावर गुलाल उधळला गं," म्हणाले. मला इतकं भरून आलं, की आमटी वाढायच्या निमित्तानं मी उठले.

आणि मग मी माझं डोकं चालवलं. रात्रीची गोळी घ्यायची नाही, साठवायची. कार्ड बंद झाल्यावर तेवढाच आधार. हे चुकीचं आहे हे मला कळत होतं, डॉक्टरांनी हजारदा बजावलं होतं. पण पुन्हा ते फोन, पुन्हा तो सोडलेला नळ, हे मला मरणापेक्षा वाईट वाटत होतं.

तपासणीत मी पकडले गेले. डॉक्टर रिपोर्ट बघत म्हणाले, "रक्तात औषध कमी आलंय. अजून बिघडलं नाही, पण असंच चाललं तर शरीर ही किडनी ठेवून घेणार नाही. गोळ्या वेळेवर घेता ना?"

मी हो म्हणाले. आत्यांनी त्या दिवशी डॉक्टरांना "माझी कशी हाय?" असं विचारलं नाही. आम्ही बसस्टॉपवर आलो. तिथं त्या बाकावर बसल्या आणि म्हणाल्या, "कुठं ठेवल्यास?"

"काय?"

"गोळ्या. खोटं बोलायचं असंल तर डागदराशी बोल. माझ्याशी नको."

माझा बांध फुटला. "आत्या, माझ्यापायी खोली गेली. ह्यांची झोप गेली. आता परत कर्ज नको हो मला. किती दिवस तुम्ही सगळ्यांनी माझ्यापायी मरायचं?"

आत्या रागानं लाल झाल्या होत्या. "खोली गेली, खरं हाय. सोनं मोडलं. गाडी हप्त्यावर हाय, किराणा उधारीवर हाय. आपल्या घरात एकच वस्तू अशी हाय जिच्यावर कुणाचा रुपाया न्हाई, अन् तिलाच तू मोडायलीस? मी ती उसनी दिली न्हाई, की तू पोट मारून परत करशील." मग त्यांचा आवाज एकदम बारीक झाला. "कर्ज व्हईल तर व्हईल. नवनाथ फेडील, मी चार घरची भांडी घासीन. पर लेकरा, तूच न्हाईस, तर फेडायचं कुणासाठी?"

माझा मास्क रडून ओला झाला होता, तो त्यांनीच कानांवरून काढला आणि पिशवीतला दुसरा लावला. मोशीची बस आली. आत्यांनी ती जाऊ दिली, माझं मनगट धरलं आणि डॉक्टरांना खरं सांगायला मला परत आत घेऊन गेल्या.