समोरासमोरच्या दोन गिरण्या

पोलादपूरच्या बाजारात, एसटी स्टँडकडून खाली उतरणाऱ्या रस्त्याला पिठाच्या दोन गिरण्या समोरासमोर होत्या. एक भागोजी तांब्यांची, दुसरी आनंदीबाई उतेकरांची. दोघांत भांडण असं कधी झालं नव्हतं. पण सकाळी आनंदीबाईनं शटर वर केल्याचा आवाज आला की भागोजी अर्धा चहा तसाच ठेवून उठायचा. आणि भागोजीनं नवीन ट्यूबलाइट लावली की दुसऱ्या दिवशी समोर दोन लागायच्या. दोघांचीही सत्तरी आलेली, पण ही खोड गेली नव्हती.

भागोजीची गिरण त्याच्या बापानं, मोरूनं घातली. मुंबईच्या गोदीतलं काम सुटल्यावर मोरू गावी आला, दगड आणले, मोटार बसवली, दारावर नारळ फोडला. त्या काळी बाजारातल्या कितीतरी घरांनी त्याच्याकडे दळण टाकलं नाही. बौद्धवाड्यातल्या माणसाच्या हातचं पीठ त्यांना चालत नव्हतं. पुढे उतेकरांनी समोर दुसरी गिरण घातली ती त्याच घरांसाठी, असं मोरू म्हणायचा, आणि ते खोटं नव्हतं. मग वर्षं गेली. माणसं बदलली म्हणा की घाईत आली म्हणा, पण जिथं रांग कमी तिथं डबा ठेवू लागली. मोरूही गेला, आनंदीबाईची सासूही गेली, आनंदीबाईचा नवराही गेला. गिरण्या तेवढ्या राहिल्या.

आता दोघांचाही धंदा पूर्वीसारखा नव्हता. हायवे चौपदरी झाला तशी थांबणारी गाडी सरळ पुढे निघून जाऊ लागली. वाड्यांवरची निम्मी घरं मुंबईला, दारांना कुलपं. उरलेल्यांपैकी तरण्या सुना दुकानातून पिठाचं पाकीट नेणाऱ्या. तरी डोंगरातल्या वाड्यांवरून, उमरठच्या बाजूनं, सकाळच्या एसटीनं तांदूळ-नाचणीचे डबे यायचे नि दुपारच्या एसटीनं पीठ परत जायचं. त्यावरच दोन्ही गिरण्या तग धरून होत्या.

ऐन मिरचीच्या दिवसांत, आनंदीबाईच्या गिरणीत मसाला कांडायला झुंबड उडालेली असताना, भागोजीच्या छातीत कळ आली. तो गव्हाच्या डब्यावर ओणवा झाला आणि तसाच खाली बसला. आधी महाडला नेलं, तिथून त्याचा मुलगा विपुल त्याला मुंबईला घेऊन गेला. ऑपरेशन झालं. बायको सोनाबाई बरोबर होतीच. जाताना तिनं गिरणीची किल्ली शेजारच्या गोमाजी सायकलवाल्याकडे दिली. मीटर बघायला कोणी आलं तर दार उघडून दे, एवढंच ती म्हणाली.

विपुलचं घर कळव्याला, चौथ्या मजल्यावर. सून लाघवी, नातू गोड, खाण्यापिण्याला कमी नाही. पण भागोजीला झोप लागेना. त्याला आवाजाची सवय होती. खिडकीतून गाड्यांचा आवाज यायचा, पण त्याला ना सुरुवात ना शेवट. दळण कसं, दाणे पडताना जड वाजतं, संपत आलं की हलकं होतं, माणसाला कळतं.

"बाबा, डॉक्टर काय म्हणाले ऐकलंत ना?" विपुल एके दिवशी म्हणाला. "पिठाची धूळ छातीत जाता कामा नये. वजन उचलायचं नाही. गिरणीचं आता विसरा. एक मोबाईलवाला गाळा भाड्यानं मागतोय, मी बोललोय त्याच्याशी."

भागोजीनं उठून खिडकी लावून घेतली. मग म्हणाला, "दे. गिऱ्हाईकाची सवय एकदा मोडली की ते परत येत नाय. एव्हाना सगळे डबे समोर गेले असतील."

हे बोलताना त्याला रागही आला नाही, याचंच सोनाबाईला वाईट वाटलं.

श्रावणात गाळा रिकामा करून द्यायचा म्हणून तिघं पोलादपूरला आली. स्टँडवर उतरल्यावर विपुल पिशव्या घेऊन पुढे निघाला. पाच पावलांवर जाऊन बघतो तर बाप मागे उभाच.

"काय झालं? दुखतंय का?"

"गप," भागोजी म्हणाला. "ऐक."

खालून गिरणीचा आवाज येत होता. एक आवाज आनंदीबाईच्या गिरणीचा, बारीक, शिट्टी घातल्यासारखा. पण त्याच्याखाली दुसराही होता, घोगरा, मध्येच अडखळणारा. जुन्या दगडांचा तो ठेका भागोजीनं आयुष्यभर ऐकला होता.

"माजी चालू हाय," तो म्हणाला, आणि डॉक्टरांनी सांगितलं होतं त्याहून कितीतरी भरभर चालू लागला.

शटर वर होतं. आत पिठानं पांढरी झालेली, पदर नाकातोंडावर बांधलेली आनंदीबाई भागोजीच्या स्टुलावर बसली होती. समोरच्या गिरणीत तिची सून दर्शना गहू टाकत होती. आनंदीबाईनं तिघांकडे पाहिलं, पण उठली नाही. दगडांवरच्या पेटीत शेवटचे दाणे फिरत होते, ते संपेपर्यंत हात लावून बसली. मग बटण बंद केलं, पदर खाली घेतला.

"आलात भावजी? बसा. त्या डब्यावर नको, झाकण फुटलंय. बाकावर बसा."

भागोजी स्वतःच्या गिरणीत पाहुण्यासारखा बाकावर बसला.

"वयनी, ह्ये काय?"

"काय म्हंजे? दळण."

"ते दिसतंय. पण तुमी हितं?"

आनंदीबाईनं हात झटकले. "खरं सांगू? पयल्या आठवड्यात मला बरं वाटलं. तुमचं सगळं गिऱ्हाईक माज्याकडं. मनात म्हटलं, आनंदे, म्हातारपणी रांग बघायला मिळाली. मग मिरचीचं काम, त्यात ह्ये. वाड्यावरच्या बाया सकाळच्या गाडीनं यायच्या, नि दुपारची गाडी सुटायची तरी दळण व्हायचं नाय. डबे ठेवून रिकाम्या हातानं जायच्या. पुढल्या खेपंला त्यातल्या निम्म्या आल्याच नाय. चौकशी केली तर म्हणे पाकीट आणलं." ती जरा थांबली. "दोन गिरण्यांचं गिऱ्हाईक एकीत मावत नाय, भावजी. नि जे मावत नाय ते दोघांचंबी जातं. मग गोमाजीकडं गेले नि किल्ली मागितली."

"त्यानं दिली?"

बाहेर चाकाला पंक्चर काढत बसलेला गोमाजी तिथूनच ओरडला, "पयलं नाय दिली! म्हटलं, ही मोटार जाळायची! मग दिली, तर म्हणे तुमास्नी कळवू नको, आजारी माणसाच्या जिवाला घोर लागंल!"

सगळे हसले. आनंदीबाईही हसली. मग म्हणाली, "आलेल्या पैशातनं लाइटबिल भरलं, पट्टा बदलला. बाकी गोमाजीकडं हाय, घ्या त्याच्याकडनं. आणि पावसात दगड बंद ऱ्हायले असते तर आत पीठ कुजलं असतं, किडे झाले असते. उगाच चांगल्या दगडांचं नुकसान."

भागोजीनं हळूच विचारलं, "कोन काय बोललं नाय तुमास्नी?"

तो कशाबद्दल विचारतोय ते तिला कळलं. या वयात न कळायला काय झालं?

"बोलले की एकदोन म्हातारे. उतेकरांची सून नि तांब्यांच्या गिरणीत बसते म्हणून. म्हटलं, भाकरी खाताय ना? मग गप खा." मग जराशा खालच्या आवाजात म्हणाली, "आमच्या सासूबाई असत्या तर मला घरात घेतलं नसतं. पण त्या नायत. आता मी हाय."

सोनाबाईनं पदर डोळ्याला लावला. भागोजी दगडांकडे बघत बसला. त्याला बाप आठवला. मोरू भल्या पहाटे छिन्नी-हातोडा घेऊन दगडाला टाकी लावायचा, दार सताड उघडं ठेवून, की येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसावं, गिरण तयार आहे. आणि दिवसभर मोजके डबे यायचे. 'वयनी, तुमचे उपकार' असं काहीतरी भागोजीच्या तोंडाशी आलं, पण बाहेर पडलं नाही. तो नुसताच म्हणाला, "पट्टा चांगला घातलात."

"चांगलाच घालणार," आनंदीबाई म्हणाली.

विपुल इतका वेळ दाराशी उभा होता. तो म्हणाला, "काकी, तुम्ही केलंत ते खूप मोठं आहे. पण बाबांना आता हे जमणार नाही. धूळ चालत नाही, वजन चालत नाही. मोबाईलवाला उद्या येतोय."

"त्यांना कोण दळायला सांगतंय?" आनंदीबाई म्हणाली. मग तिनं सोनाबाईकडे पाहिलं. "सोनाबाय, तू शिकतेस का गो?"

"मी?" सोनाबाई दचकलीच. लग्न होऊन आल्यापासून ती गिरणीत जेवणाचा डबा द्यायची नि परत जायची. बटणाला तिनं हात लावला नव्हता. "अगो, माजं वय काय, नि तू बोलतेस काय!"

"माज्यापरीस धाकटीच हायस. नवरा गेला तवा मला तरी कुठं येत होतं? मोटारीला भ्यायचे मी."

सोनाबाईनं नवऱ्याकडे पाहिलं. तो काही बोलेल म्हणून थांबली. मग त्याच्याकडे न बघता म्हणाली, "शिकेन."

विपुलनं हरकत घेतली, डॉक्टरांची भीती घातली, आईच्या गुडघ्यांची आठवण करून दिली. पण संध्याकाळी तो बाहेर जाऊन मोबाईलवाल्याला फोन लावताना दिसला. आत येऊन म्हणाला, "वर्षभर बघू. जमलं नाही तर माझं ऐकायचं." आणि दुसऱ्या दिवशी महाडला जाऊन बापासाठी जाडसर मास्क, आईसाठी डोक्याला बांधायचे दोन रुमाल आणि वजन ओढायला एक छोटी चाकांची गाडी घेऊन आला.

सोनाबाईचं पहिलं दळण बिघडलं. तांदळाचं पीठ रव्यासारखं जाड निघालं. दळण उमरठकडच्या चंद्राबाईचं होतं. तिनं बोटांत पीठ चोळून पाहिलं, सोनाबाईच्या घाबऱ्या तोंडाकडे पाहिलं नि म्हणाली, "असू दे गो. घावन करीन. जाड पिठाचं घावन कुरकुरीत होतं." घावन कसं झालं देव जाणे, पण पुढल्या खेपेला चंद्राबाईनं डबा परत सोनाबाईकडेच ठेवला.

हळूहळू कामाची वाटणी ठरली. तांदूळ आणि नाचणी तांब्यांकडे, गहू आणि मसाला उतेकरांकडे. त्यानं एक जुनी कटकट मिटली. नाचणीवर गहू दळला की पोळ्या काळ्या होतात म्हणून बाया भांडायच्या, त्या आता भांडेनाशा झाल्या. भागोजी रस्त्याच्या कडेला, धुळीपासून लांब, खुर्ची टाकून बसायचा. आलेला डबा उघडून बघायचा नि सांगायचा, "ह्यो हिकडं, तो तिकडं." गोमाजी म्हणायचा, आता हा ट्रॅफिकचा हवालदार झाला.

गणपतीच्या आधी चाकरमानी आले तेव्हा मोदकाच्या पिठासाठी सोनाबाईसमोर डब्यांची रांग लागली. जाताना तेच लोक आठवण म्हणून नाचणीचं पीठ बांधून नेऊ लागले. धंदा काही पूर्वीचा परत आला नाही. दुपारी दोन्ही गिरण्या बंद असायच्या, आणि तेव्हा भागोजी खुर्चीत, दर्शना पायरीवर, नि दोघी म्हाताऱ्या बाकावर बसून डुलक्या घ्यायच्या. पण विजेचं बिल निघत होतं, घरात चूल पेटत होती, आणि सकाळी उठायला कारण होतं. भागोजीला त्यापलीकडे काही मागावंसं वाटेना.

एक गोष्ट मात्र त्याला टोचत होती. आनंदीबाईला त्यानं तोंडानं काही म्हटलं नव्हतं. दसऱ्याच्या आदल्या दिवशी त्यानं मनाचा हिय्या केला. सोनाबाई शटर ओढत असताना रस्ता ओलांडून तो समोर गेला.

"वयनी, उद्या आमच्याकडं जेवायला या."

आनंदीबाई कुलूप लावता लावता थांबली. इतक्या वर्षांत ती तांब्यांच्या घरी जेवली नव्हती. कुणी बोलावलं नव्हतं, आणि बोलावलं असतं तर गेली असती की नाही, हे तिचं तिलाही सांगता आलं नसतं.

"काय करणार?" तिनं विचारलं.

"काय म्हणाल ते."

"मग नाचणीची भाकरी नि सुकट. गोड नको, मला साखर हाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी भागोजी, सोनाबाई पांढरे कपडे घालून विहारात वंदनेला जाऊन आली. दुपारी आनंदीबाई दर्शनाला घेऊन बौद्धवाड्यात आली. वाटेत दोनचार दारांतून माणसांनी डोकावून पाहिलं. ती नीट, सावकाश चालत आली. ओटीवर बसली. सोनाबाईनं ताट वाढलं. आनंदीबाईनं भाकरीचा तुकडा मोडला, सुकटीला लावला, तोंडात घातला. भागोजी समोर बसला होता. त्या दिवशी तोंडाशी आलेलं आता कुठं बाहेर पडलं.

"वयनी, मी हॉस्पिटलात होतो तवा मला वाटलं, आता आपुन संपलो. घरी आलो नि गिरण चालू होती. माजा बाप असता तर..." त्यानं तिच्या पेल्यात पाणी ओतलं. "तुमचे लई उपकार झाले."

आनंदीबाई घास चावत राहिली. तिचेही डोळे भरून आले होते, पण तिनं ते पुसले नाहीत.

"भावजी," ती म्हणाली, "तुमी नव्हतात तवा सकाळी शटर वर करताना समोर कोण नसायचं. मला करमत नव्हतं."

मग तिनं रिकामं ताट सोनाबाईपुढे सरकवलं.

"अजून अर्धी दे गो. आणि पुढल्या वेळी पीठ जरा बारीक काढ."